चौथा तास, नववी 'क'

दानेश्वरी बिराजदारचा आवाज ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात, नववी 'क'च्या चौथ्या तासाला गेला. तसा तो जूनपासूनच घोगरा झाला होता. ज्येष्ठमधाची काडी चघळत, हळदीचं दूध पीत ती दिवस ढकलत होती. त्या दिवशी जडत्व शिकवताना मागच्या चार बाकांवर गलका सुरू झाला. तिनं नेहमीसारखा छातीभर श्वास घेऊन "लक्ष द्या" म्हणायला तोंड उघडलं, तर गंजलेल्या बिजागरीसारखा आवाज बाहेर पडला. एकसष्ट मुलं खदाखदा हसली. तिनं पुन्हा प्रयत्न केला. या खेपेला नुसती हवा आली.

फळ्यावर 'स्वाध्याय सोडवा' एवढं लिहून ती खुर्चीत बसली. तास संपेपर्यंत वर्गात बाजार भरला होता आणि ती काहीच करू शकत नव्हती. एकोणीस वर्षांत असं कधी झालं नव्हतं.

सोलापूरच्या पूर्व भागातल्या त्या शाळेची मागची भिंत आणि टॉवेलच्या कारखान्याची भिंत एकच आहे. शाळा भरल्यापासून सुटेपर्यंत भिंतीपलीकडे माग खटाखट चालू असतात. नवे शिक्षक पहिल्या महिन्यात रडकुंडीला येतात. दानेश्वरी अक्कलकोट तालुक्यातल्या खेड्यातून इथं विज्ञान शिकवायला आली, तेव्हा तिनं मागांवर आवाजानं मात केली होती. स्वातंत्र्यदिनाला माईक बंद पडला की मुख्याध्यापक तिलाच पुढं बोलवायचे. मुलं मागं आपल्याला 'भोंगा' म्हणतात हे तिला ठाऊक होतं, आणि खरं सांगायचं तर त्याचा तिला थोडा अभिमानही होता.

कान-नाक-घशाच्या डॉक्टरांनी बारीक नळी घालून तिला पडद्यावर तिचं स्वरयंत्र दाखवलं. दोन्ही बाजूंना तांदळाच्या कण्यांसारखे पांढरे ठिपके होते.

"तळहाताला घट्टे पडतात ना, तसे हे घट्टे आहेत," डॉक्टर म्हणाले. "तीन आठवडे एक शब्दही बोलायचा नाही. त्यानंतर बोलायचं, पण समोरच्या माणसाशी बोलतो तेवढ्याच आवाजात. ओरडणं आता संपलं, असं समजा."

दानेश्वरीनं वहीत लिहून विचारलं, 'मी शिक्षिका आहे. एकसष्ट मुलं आहेत. कसं शिकवू?'

डॉक्टरांनी ते वाचलं आणि ते आपल्याला सांगता येणार नाही, असं प्रामाणिकपणे कबूल केलं.

मुख्याध्यापक बाळासो गुंड हे मूळचे करकंबचे. मराठीचे शिक्षक, मनानं चांगले, पण शाळा म्हणजे शांतता असं मानणारे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि लगेच तोडगा काढला. बाईंनी आधी रजा घ्यावी, मग परत आल्यावर ग्रंथालय आणि शिष्यवृत्तीचे अर्ज सांभाळावेत. वरचे वर्ग दुसऱ्यांना वाटून देता येतील. नववी 'क' तासिकेवर आलेल्या राजशेखर हत्तुरेंकडं जाईल.

राजशेखर पंचविशीतला, कष्टाळू मुलगा होता, पण त्याला एका शाळेतले तास संपवून दुसऱ्या शाळेत पळावं लागायचं. नववी 'क'चं आजवर असंच होत आलं होतं. ज्याला कुठं जागा नसेल तो शिक्षक त्या वर्गावर, आणि ज्याला कुठल्या तुकडीत जागा नसेल ते मूल त्या वर्गात. यंदा जूनमध्ये दानेश्वरीनं तो वर्ग स्वतःहून मागून घेतला होता. पहिल्या घटक चाचणीत विज्ञानात एकसष्टपैकी एकोणतीस नापास झाले होते. तेव्हाही ती रोज घसा फोडून शिकवत होतीच.

तिनं वहीत मोठ्या अक्षरांत लिहिलं, 'नववी क सोडणार नाही. तीन आठवडे द्या.' गुंड सरांनी मान डोलावली. होकार होता की सहानुभूती, ते तिला कळलं नाही.

दहा दिवस ती घरी गप्प राहिली. गावी तिची आई, नीलम्मा, दर रविवारी फोनची वाट बघायची. तिला कमी ऐकू येतं, म्हणून दानेश्वरी नेहमी मोठ्यानं बोलायची. आता नवरा महेश्वर फोनवर बसायचा आणि बायकोनं लिहिलेलं कानडीत ओरडून सासूला सांगायचा. पलीकडून अव्वा रडायची. लेक फोनवर का येत नाही, हे तिला काही केल्या पटत नव्हतं. दानेश्वरी शेजारी बसून ते ऐकायची. अकराव्या दिवशी तिनं साडीला पिना लावल्या आणि शाळेत गेली. गळ्यात पाटी अडकवली होती, 'बोलायला मनाई आहे.'

राजशेखर चौथ्या तासाला नववी 'क'वर जायचा तेव्हा तीही मागून जाऊ लागली. धडा कुठवर आला ते कळावं, एवढाच हेतू. ती अगदी शेवटच्या बाकावर, लावण्या गुर्रम नावाच्या मुलीशेजारी बसायची. लावण्याचे वडील भिंतीपलीकडच्याच कारखान्यात मागावर होते. ही मुलगी वर्गात आजवर एक शब्द बोललेली दानेश्वरीला आठवत नव्हती.

शेवटच्या बाकावरून वर्ग वेगळाच दिसत होता. खिडकीचा उजेड फळ्यावर पडून उजवीकडचा तिसरा हिस्सा नुसता चमकायचा, अक्षर दिसायचं नाही. फळ्याचा खालचा भाग पुढच्यांच्या डोक्यांमागं जायचा. आणि आवाज पोचायचा, पण शब्द पोचायचे नाहीत. राजशेखर चांगला खणखणीत बोलत होता, तरी मागांच्या खटखटीत त्याची वाक्यं विरघळून जात होती. उरायचा तो गोंगाट. आपला आवाजही असाच विरून जात असेल, हे तिला पहिल्याच दिवशी कळून चुकलं.

चौथ्या दिवशी राजशेखर दोनदा "लक्ष द्या" म्हणाला, आणि लावण्यानं वहीच्या शेवटच्या पानावर पेन्सिलीनं दोन रेघा ओढल्या. दानेश्वरीनं वही ओढून घेतली. पान रेघांनी भरलं होतं. चार उभ्या आणि एक आडवी, असे पाचपाचाचे गठ्ठे, आणि प्रत्येक ओळीपुढं तारीख. जून आणि जुलैच्या तारखांपुढं 'भो.' असं लिहिलं होतं. जुलैच्या एका मंगळवारी एकेचाळीस रेघा होत्या.

चाळीस मिनिटांचा तास, आणि त्यात एकेचाळीस वेळा 'लक्ष द्या'.

लावण्याचा चेहरा पांढरा पडला होता.  दानेश्वरीनं वही मिटून मुलीला परत दिली. तास संपल्यावर शिक्षक खोलीत न जाता ती मागच्या जिन्यावर जाऊन बसली. तिला लाज वाटत होती आणि रागही येत होता, पण मुलीचा नाही. त्या मुलीनं दोन महिने तिच्याकडं बारकाईनं लक्ष दिलं होतं. फक्त धड्याकडं दिलं नव्हतं. जिन्यावरून उठताना दानेश्वरीनं एक गोष्ट ठरवली, की हे दोन शब्द आता तोंडातून काढायचे नाहीत.

सप्टेंबरच्या मध्याला डॉक्टरांनी बोलायची परवानगी दिली. आवाज आला होता, पण निम्मा, आणि त्याला कड नव्हती. महेश्वर नवी पेठेत साड्यांच्या दुकानात काउंटरवर असतो. त्यानं तिथल्याच एका ओळखीच्या दुकानातून कमरेला बांधायचा छोटा स्पीकर आणि कानावर बसणारा माईक आणला. दानेश्वरीला वाटलं, सुटले एकदाची.

दोन दिवस बरं चाललं. तिसऱ्या दिवशी स्पीकर किंचाळला आणि मुलांनी त्याच सुरात किंचाळून दाखवलं. पण खरी अडचण वेगळीच होती. माईक लावल्यावर ती पुन्हा पहिल्यासारखी सलग चाळीस मिनिटं बोलायला लागली. मुलांना ऐकू येत होतं, पण मुलं ऐकत नव्हती. पाचव्या दिवशी तिनं ठरवलं, माईक रोज फक्त दहा मिनिटं. उरलेला अर्धा तास न बोलता चालला पाहिजे. तो कसा चालवायचा, हे तिला त्या क्षणी अजिबात माहीत नव्हतं.

मग तिनं कळत होतं तिथून सुरुवात केली. घरून जुनी चादर आणून खिडकीला पडदा लावला. फळ्याच्या खालच्या दोन वितींत लिहायचं नाही, म्हणून तिथं आडवी रेघ मारली. दर सोमवारी मागची रांग पुढं आणि पुढची मागं करायची, असा नियम केला. पुढच्या बाकावरच्या हुशार मुलींनी तक्रार केली, दोघींचे पालक भेटायला आले. तिनं पालकांना शेवटच्या बाकावर नेऊन बसवलं आणि फळ्यावर एक वाक्य लिहून वाचायला सांगितलं. ते वाचता आलं नाही म्हटल्यावर पालक गेले.

आणि ती वर्गात शिरली की काही न बोलता फळ्यावर एक प्रश्न लिहायची. प्रत्येकानं आपला अंदाज चिठ्ठीवर लिहून द्यायचा, शेजाऱ्याचं बघायचं नाही, चुकला तरी चालेल. पहिल्या आठवड्यात निम्म्या चिठ्ठ्या कोऱ्या आल्या. एकीवर 'भोंगा बंद' असं लिहिलेलं होतं. तिनं सगळ्या चिठ्ठ्या गोळा करून, वाचून, दुसऱ्या दिवशी खुणा करून परत दिल्या. कोऱ्याही. जिच्यावर 'भोंगा बंद' होतं तिच्यावर तिनं लिहिलं, 'बरोबर. आता प्रश्नाचं उत्तर?'

बसमध्ये ब्रेक लागला की माणूस पुढं का पडतो, हे सगळ्यांना पाठ होतं. पाठ होतं म्हणूनच कुणाला त्यात रस नव्हता. एका दिवशी भिंतीपलीकडची खटखट ऐकता ऐकता तिनं प्रश्न लिहिला, 'चालू माग एकदम थांबला तर धोटा काय करतो?' धोटा म्हणजे आडवं सूत घेऊन इकडून तिकडं धावणारी लाकडी नळी, एवढं तिला माहीत होतं. तिनं चिठ्ठ्या घेतल्या आणि स्वतःचं उत्तर फळ्यावर मांडलं, की धोटा मागाच्या आतच असतो, त्यामुळं तो मागाबरोबर थांबतो.

"नाही बाई."

लावण्या उभी राहिली होती. उभी राहिल्याचं तिचं तिलाच नवल वाटलेलं दिसत होतं.

"धोटा थांबत नाही. तो अडकतो, नाही तर उडतो. आमच्या नान्नांच्या भुवईला लागला होता. सात टाके पडले."

नान्ना म्हणजे वडील. दानेश्वरीनं खडू तिच्यापुढं धरला. लावण्या फळ्यापाशी आली आणि तिनं माग काढला, ताण्याचं उभं सूत काढलं, धोट्याला फटका देणारा दांडा काढला, वडील कुठं उभे होते तेही काढलं. चित्र निम्मं होतंय तोवर मागून कुणी तरी म्हणालं की दांडा तसा नसतो. मैनुद्दीन शेख उठून पुढं आला, त्याचे चुलते माग दुरुस्त करायचे. मग तेलुगूत एक, दखनीत एक आणि मराठीत पाच जण एकदम बोलायला लागले. धोटा उडतो तो ताणा तुटल्यामुळं की दांड्याच्या जोरामुळं? दानेश्वरी बाजूला भिंतीला टेकून उभी राहिली. आपलं उत्तर चुकलं होतं, ते तिनं फोडून सांगायची गरजही उरली नव्हती. तिला त्या गोंगाटात एक गोष्ट ऐकू येत होती. सगळे धोट्याबद्दलच बोलत होते.

नेमके तेव्हाच गुंड सर व्हरांड्यातून गेले.

मधल्या सुट्टीत त्यांनी तिला बोलावलं. रागावले नाहीत. "बाई, तुमची तब्येत मला कळते," ते म्हणाले. "पण वर्ग हातातून गेलाय. मुलं फळ्यापाशी, तुम्ही कोपऱ्यात. दिवाळीनंतर 'क' राजशेखरकडं देऊ. तुम्हालाही आराम."

दानेश्वरी घोटभर पाणी प्यायली. लांब बोलायचं तर आधी पाणी प्यायचं, हे आता तिच्या अंगवळणी पडलं होतं.

"सर, तुम्ही बाहेरून ऐकलंत. आत येऊन बसा. शेवटच्या बाकावर, पूर्ण तास. मग काय ते ठरवा."

गुंड सरांनी कॅलेंडर बघितलं आणि गुरुवार दिला.

दोन दिवस तिनं तयारी केली. 'कार्य आणि ऊर्जा' हा धडा सुरू करायचा होता. उतरती फळी, छोटी गाडी, वजनं, असं सगळं प्रयोगशाळेतून आणून ठेवलं. पण गुरुवारी तिनं वर्गात पाऊल टाकलं, तर निम्मी डोकी बाकांवर टेकलेली होती. त्या भागात चार-पाच दिवसांनी एकदा नळाला पाणी येतं, आणि त्या दिवशी ते पहाटे तीनला आलं होतं. घरोघरची मुलं तेव्हापासून पाणी भरत होती. जी जागी होती, ती शेवटच्या बाकावर मुख्याध्यापक बसलेले बघून काठीसारखी ताठ झाली होती. प्रश्न लिहिला तर चिठ्ठ्या आल्या, पण बोलायला कुणी तयार नाही. लावण्यानंही मान खाली घातली. गाडी उतरत्या फळीवरून घसरली ती सरळ जमिनीवर पडली, आणि त्यावरही कुणी हसलं नाही. त्यात तिचा आवाज त्या दिवशी तळाला गेलेला होता.

एक सोपा मार्ग समोर होता. पुस्तक उघडायचं, व्याख्या फळ्यावर लिहायच्या, मुलांनी उतरवून घ्यायच्या. वर्ग शांत होताच. गुंड सर समाधानानं उठून गेले असते आणि 'क' तिच्याकडं राहिला असता. तिचा हात पुस्तकापर्यंत गेलाही. मग तिनं तो मागं घेतला. असाच वर्ग ठेवायचा असेल तर तो राजशेखरकडं गेला काय आणि आपल्याकडं राहिला काय, असं तिच्या मनात आलं.

तिनं फळा पुसला आणि लिहिलं, 'आज पाणी आलं. तुम्ही किती घागरी भरल्या? कुठून कुठं नेल्या?'

ती बाकाबाकापाशी जाऊन हळू आवाजात विचारू लागली. जवळून विचारल्यावर मुलं बोलली. लावण्याचं घर दुसऱ्या मजल्यावर, तिनं खालून वर बारा घागरी नेल्या. मैनुद्दीनचा नळ गल्लीच्या तोंडाशी, तिथून घरापर्यंत दोनशे पावलं सपाट रस्ता, त्यानं तीस घागरी नेल्या. तिनं दोघांचे आकडे फळ्यावर मांडले. घागर दहा लिटरची, म्हणजे वजन साधारण शंभर न्यूटन. लावण्याचे सहा मीटर वर. एका घागरीला सहाशे ज्यूल, बाराला सात हजार दोनशे. मग ती मैनुद्दीनच्या दोनशे पावलांकडं वळली आणि तिथं शून्य लिहिलं.

मैनुद्दीन पुढं वाकला. "शून्य कसं काय?"

"घागर धरायला तू बळ लावलंस ते वरच्या दिशेनं. घागर गेली आडवी. त्या बळाच्या दिशेनं ती हललीच नाही," दानेश्वरी म्हणाली. "म्हणून तुझ्या त्या बळानं दोनशे पावलांत केलेलं कार्य शून्य."

"आमच्या तीस घागरी फुकट गेल्या काय बाई? हात वर होत नाही माझा."

टेकलेली डोकी एकेक करून वर आली. सपाट रस्त्यावरून पाणी आणणाऱ्यांची संख्या वर्गात मोठी होती आणि ते सगळे एकदम दुखावले होते. दानेश्वरीनं शून्य पुसलं नाही. कुणी म्हणालं, पुस्तकच चुकीचं आहे. कुणी म्हणालं, मग लावण्यानं जिना उतरताना काय केलं? त्याचाही हिशेब करा. मागून तिसरंच कुणी म्हणालं, घागर जमिनीवरून उचलून कमरेवर घेतली, ती वर गेलीच की.

"मग तेवढं धर," ती म्हणाली आणि तिनं खडू मैनुद्दीनकडं दिला. त्यानं उचलण्याचा एक मीटर धरला, शंभर ज्यूल, तीस घागरींचे तीन हजार. लावण्याच्या निम्म्याहूनही कमी. ते बघून तो जास्तच खवळला.

आणि तेव्हा शेवटच्या बाकावरून आवाज आला.

"हे काय बरूबर न्हाय बाई." गुंड सर उभे राहिले होते. बोलताना त्यांचं शाळेतलं मराठी सुटून करकंबचं आलं होतं, ते त्यांच्या ध्यानातही नव्हतं. "आमी लहानपणी विहिरीवरनं पाणी आणायचो. चांगलं अर्धा मैल. घामानं सदरा भिजायचा. कार्य झालंच न्हाय म्हणताय, तर तो घाम कसला?"

वर्ग मागं वळून बघत राहिला.  दानेश्वरीनं तो प्रश्न तसाच फळ्यावर लिहिला आणि ती वर्गाकडं वळली.   तिसऱ्या रांगेतली उत्कर्षा जाधव, जिचे आईवडील ऊसतोडीहून शहरात येऊन राहिले होते, ती उठली.

"सर, घाम तुमचा आहे. कार्य घागरीवरचं मोजायचंय."

"म्हणजे?"

"म्हणजे तुमच्या अंगातली ताकद गेली, ती खरीच गेली. हात आवळून धरायला लागतो, त्यात जाते. पण घागरीला त्यातलं वर काही मिळालं नाही. ती होती तेवढ्याच उंचीवर राहिली." ती जराशी अडखळली, मग पुढं म्हणाली, "घागर डोक्यावर ठेवली असती तर तिला काही तरी मिळालं असतं."

गुंड सर खाली बसले. बसल्यावरही त्यांची बोटं बाकावर काही तरी मोजत होती. तासाची घंटा झाली तेव्हा चार मुलं फळ्यापाशी होती, जिना उतरतानाचं चिन्ह उणे घ्यायचं की अधिक, यावर अडलेली. पाचव्या तासाच्या शिक्षिका दारात येऊन उभ्या राहिल्या तरी ती जागची हलली नाहीत.

संध्याकाळी गुंड सरांनी तिला कार्यालयात बोलावलं. कौतुक त्यांनी केलं नाही. दार लावून घेत जा, शेजारच्या वर्गाला त्रास होतो, एवढं म्हणाले. मग टेबलावरचं वेळापत्रक पुढं ओढून त्यांनी दिवाळीनंतरच्या रकान्यात पेन्सिलीनं लिहिलेलं राजशेखरचं नाव खोडलं. "सहामाहीचा निकाल मात्र बघणार," असंही म्हणाले.

त्यानंतर सगळं सुरळीत झालं असं नाही. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात सलग तीन दिवस तिचा एकही प्रश्न लागू पडला नाही. 'द्रव्याचे मोजमाप' शिकवताना वर्ग तिच्या डोळ्यांदेखत विझून गेला. रेणुवस्तुमानाला घागर नव्हती आणि धोटाही नव्हता. एकदा चिडून ती ओरडायला गेली आणि दोन दिवस पुन्हा आवाज बसला. त्या दोन दिवसांत तिनं सगळं फळ्यावर लिहून शिकवलं. राजशेखर आपला मोकळा तास सोडून येऊन बसायचा, तिनं लिहिलेलं मोठ्यानं वाचायचा. नंतर त्यानं स्वतःच्या वर्गातही चिठ्ठ्या सुरू केल्या, आणि कुठला प्रश्न चालला, कुठला पडला, हे दोघं मधल्या सुट्टीत एकमेकांना सांगू लागले. पडलेल्यांची यादी नेहमी लांब असायची.

सहामाहीत एकसष्टपैकी सतरा नापास झाले. एकोणतीसचे सतरा. उत्कर्षाला चाळीसपैकी छत्तीस पडले. लावण्या बावीस गुण मिळवून पास झाली. मैनुद्दीन दोन गुणांनी गेला आणि पेपर घेऊन भांडायला आला. एका उत्तराचा अर्धा गुण त्याचा खरोखरच राहिला होता. तिनं तो वाढवला. बाकीचा दीड का गेला, हे त्यानं तिच्यासमोर बसून पुन्हा सोडवून बघितलं.

डिसेंबरात डॉक्टरांनी पुन्हा नळी घातली. कण्या लहान झाल्या होत्या, शस्त्रक्रिया टळली. पण पहिला आवाज परत येणार नाही, हे त्यांनी स्पष्ट सांगितलं. ती रिक्षातून घरी येताना थोडी रडली. त्या आवाजावर तिनं नोकरी मिळवली होती, वर्ग जिंकले होते, सासरी मानही मिळवला होता.  घर येईपर्यंत तिचं रडून झालं होतं. दुसऱ्या दिवशी शनिवार होता, सकाळची शाळा. 'प्रकाशाचे परावर्तन' सुरू करायचं होतं, आणि पंचवीस मुलांकडून तिनं घरातले तुटके आरसे मागवले होते.

एप्रिलमध्ये पुढच्या वर्षीचे वर्ग वाटायला बैठक बसली. दहावीचा निकाल प्रत्येकाच्या नावापुढं लागतो, त्यामुळं दहावी 'क' कुणालाच नको असते. गुंड सरांनी नेहमीप्रमाणे ती तुकडी सगळ्यात शेवटी घेतली आणि चष्म्यावरून सगळ्यांकडं पाहिलं.

"मला द्या," दानेश्वरी म्हणाली. "विज्ञान आणि गणित, दोन्ही."

खोलीत सगळ्यांना ते ऐकू गेलं नाही. शेजारच्या बाईंनी ते मोठ्यानं सांगितलं. गुंड सरांनी लिहून घेतलं.

"आणखी एक, सर. वर्ग पुढच्या बाजूला हवा. मागांच्या भिंतीला लागून नको."

पुढच्या खोल्या 'अ' आणि 'ब'च्या, ते शक्य नाही, असं गुंड सर म्हणाले. तिनं बैठकीनंतर लेखी अर्ज दिला. मे महिन्यात तो नामंजूर होऊन आला. जूनच्या दहा तारखेला, शाळा उघडायच्या पाच दिवस आधी, ती दुसरा अर्ज घेऊन कार्यालयात गेली. त्याला सोबत एक कागद जोडला होता. लावण्या, मैनुद्दीन आणि उत्कर्षा यांनी सुट्टीत शाळेत येऊन मोबाइलवरच्या ॲपनं आठही खोल्यांतला आवाज मोजला होता आणि तक्ता केला होता. पुढच्या खोल्यांत आणि मागच्या खोल्यांत चोवीस डेसिबलचा फरक निघाला होता.

गुंड सरांनी तक्ता दोनदा वाचला. मग म्हणाले, "बसा बाई. 'ब'च्या पालकांना काय सांगायचं, ते तुमीच सांगा आता."

दानेश्वरी बसली, पाण्याची बाटली उघडली, दोन घोट प्यायली आणि सांगायला लागली.